फिरकीचा तांब्या

त्या हिवाळ्यात आमच्या घरात कोणीही मेलं नव्हतं, हे आधीच सांगून टाकते. नाहीतर पुढे रडण्याचे इतके प्रसंग येणार आहेत की वाचणाऱ्याला उगाच सुतक लागेल. बाबा धडधाकट होते, युनिव्हर्सिटीच्या प्रयोगशाळेत पेशींचे फोटो काढत होते. आई शाळेत बदली शिक्षिका म्हणून जात होती आणि परत येऊन अमेरिकन मुलांच्या नकला करत होती. मी, सुजाता, हायस्कूलला होते आणि ॲन आर्बरमधली सगळ्यात दुर्दैवी मुलगी मीच आहे, अशी माझी खात्री होती. कारण काय, तर मला गाता येत नाही असा निकाल मराठी मंडळाच्या गाण्याच्या काकूंनी दिला होता आणि प्रत्येक कार्यक्रमात माझ्या हातात निवेदनाचा माइक दिला जात होता. आज लोक मला बोलायला बोलावतात, मानधन देतात, वर शालही घालतात. त्या काकूंचे उपकार मानावेत की कसं, हे अजून ठरलेलं नाही.

घर जुनं होतं, लाकडी, दोन बिऱ्हाडांत वाटलेलं. वर आम्ही आणि खाली बेसमेंटमध्ये जो राहील तो. दोन्ही बिऱ्हाडांना मिळून एकच भट्टी होती. तिची गरम हवा पत्र्याच्या नळ्यांतून फिरायची आणि जमिनीतल्या जाळ्यांतून वर यायची. हवेबरोबर बाकी सगळंही वर यायचं: खालच्याचा टोस्ट करपला की आम्हाला कळायचं, आमची फोडणी जळली की खालचा शिंकायचा. स्वयंपाकघरातल्या जाळीवर त्या वर्षी जनाआत्या बसायची. जनाआत्या म्हणजे बाबांची सख्खी आत्या, हिंगणघाटची. बाबांना तिनेच वाढवलं होतं, म्हणून बाबांनी हट्टाने तिला बोलावून घेतलं होतं. नऊवारी लुगडं, त्याखाली बाबांचे लोकरीचे मोजे आणि माझे जुने स्पोर्ट्स शूज, अशा वेशात ती जाळीवर पाट टाकून बसायची. खालून हवा सुरू झाली की लुगडं हळूहळू फुगायचं आणि आत्या पोळीसारखी टम्म व्हायची. "पोट्टे, ह्या देशात एकच गोष्ट बरी हाय," ती म्हणायची, "चुलीवर बसता येते."

तिच्याजवळ एक फिरकीचा पितळी तांब्या होता. झाकण फिरवून घट्ट लावायचं, म्हणजे प्रवासात पाणी सांडत नाही, तो. हिंगणघाटहून नागपूर, नागपूरहून मुंबई आणि तिथून डेट्रॉइट असा तो तिच्या मांडीवर बसून आला होता. विमानतळावर तपासणीवाल्याने तो उघडायला लावला तेव्हा झाकण असं काही किंचाळलं म्हणे, की रांगेतली सगळी माणसं मागे सरकली. घरात नळाला पाणी होतं, फ्रिजमध्ये होतं, पण आत्या पाणी प्यायची ते तांब्यातलंच. दिवसभर आमच्या घरात ते कुईऽऽ कुईऽऽ चालू असायचं.

थंडीच्या तोंडाला खाली नवी भाडेकरू आली. तिचं नाव नेर्मिन. तुर्कस्तानातली गायिका, केस आखूड, नाक धारदार, हातात बोटाबोटाला चांदीच्या अंगठ्या. युनिव्हर्सिटीने तिला वर्षभरासाठी मुलांना आवाजाचं शिक्षण द्यायला बोलावलं होतं. आठवड्यातून दोन दिवस ती शिकवायची आणि रोज दुपारी घरी रियाज करायची. आता रियाज म्हटल्यावर तुमच्या डोळ्यांसमोर तानपुरा येतो, तो काढून टाका. नेर्मिनचा रियाज म्हणजे आधी खूप वेळ नुसता श्वास. मग घशात काहीतरी घासल्यासारखं, मग खारीसारखं चकचक, मग एकाएकी पोटातून उठलेला, लांबच लांब, वळणं घेत खाली येणारा स्वर, की ऐकणाऱ्याच्या हातातली लाटी हातातच राहावी. शब्द नाहीत, ताल नाही. मी कान लावून ऐकायचे. निकाल लागलेल्या माणसाला दुसऱ्याचं बिनकायद्याचं गाणं ऐकायला फार बरं वाटतं.

आणि हे सगळं जाळीतून वर यायचं, थेट आत्याच्या लुगड्यात.

पहिल्या दिवशी तिने फक्त मान वाकडी केली. दुसऱ्या दिवशी हातातलं निवडणं थांबवलं. मग एका दुपारी तिने मला शाळेची बॅगसुद्धा उतरवू दिली नाही. "काहून वं पोट्टे, खाली कोन मेलं?"

"कोणी नाही, आत्या. ती गाते."

"गाते?" आत्याने माझ्याकडे अशा दयेने पाहिलं, की शाळेची फी परत मागावी असं मला वाटलं. "गान्यात अन् रडन्यात फरक समजते मले. एकटी रडून राह्यली ते. तीन दिवस झाले, कोनी आलं न गेलं. कशी मानसं हाय बाप्पा इथली!"

हे इथे सांगायला हवं, की आमच्या आत्याचा हा विषय होता. हिंगणघाटात कुणाकडे मयत झाली की बायका हेल काढून रडतात. गेलेल्या माणसाचं सगळं आयुष्य त्या हेलात येतं, त्याने कोणाला काय दिलं, काय खायला आवडायचं, कोणावर चिडायचा. हे सगळ्यांना जमत नाही. जनाआत्याला जमायचं. तिला दुरून बोलावणं यायचं. बाबांना मात्र याची लाज वाटायची. "आपण बुद्धाची लेकरं," ते म्हणायचे, "दुःखाचं कारण शोधायचं, हेल काढत बसायचं नाही." त्यावर भिंतीवरच्या बाबासाहेबांच्या फोटोकडे बघत आत्या म्हणायची, "तथागतानं दुःख हाय असंच सांगतलं ना? मंग मी काय वेगळं सांगून राह्यली?"  बाबा संशोधक होते, पण आत्यासमोर त्यांचं संशोधन चालत नसे.

आत्याने पिठलं केलं. सुतकाच्या घरात चूल पेटत नाही, शेजाऱ्यांनी साधं काहीतरी करून न्यायचं असतं. शिकागोच्या डेव्हन ॲव्हेन्यूवरच्या देशी दुकानातून आणलेलं ज्वारीचं पीठ बाबा वर्षभर पुरवून वापरायला सांगायचे, त्याच्या भाकऱ्या थापल्या. भांडं माझ्या हातात दिलं. नावच बुद्धाला खीर देणाऱ्या सुजाताचं, म्हणजे वाटी घेऊन लोकांच्या दारात उभं राहणं माझ्या नशिबी लिहिलेलंच आहे. आम्ही खाली गेलो. नेर्मिनने दार उघडलं, आत्याने तिच्याकडे एकदा नीट पाहिलं, आत शिरली, गालिच्यावर तिच्या शेजारी बसली, पदर तोंडाशी नेला आणि सुरू झाली.

मी जागच्या जागी मरून गेले. माझ्या हातात पिठलं, समोर तुर्की गायिका आणि आमची आत्या अनोळखी मयतासाठी हेल काढतेय: "अवं माय वं, कोन्या देशी येऊन पडली वं, कोन पुसन तुह्ये डोये वंऽऽ..." नेर्मिन आधी दचकली. मग तिचे हात मांडीवर थांबले, अंगठ्यांची चाळवाचाळव थांबली. आत्या श्वासाला थांबली तेव्हा तिने मला इंग्रजीत विचारलं, "ह्या काय म्हणतायत?"

"त्या विचारतायत, कोण वारलं?"

"कोणी नाही," नेर्मिन म्हणाली. "हे माझं काम आहे."

मी आत्याला सांगितलं. आत्याने पदर खाली घेतला, डोळे कोरडे केले आणि विचारलं, "रडाचा पगार भेटते?"

"हो."

"डॉलरमधी?"

"हो, आत्या."

"त तुह्या बापाले सांग, माह्या व्हिसा वाढव मनावं."

निघताना नेर्मिन दारापर्यंत आली. आत्या वळूनही न बघता, एक शब्द न बोलता जिना चढून गेली. सुतकाच्या घरातून निघताना येते म्हणायचं नसतं. सुतक नाही हे कळल्यावरही तिने नियम मोडला नाही. "रागावल्या का?" नेर्मिनने विचारलं. मी म्हटलं, "नाही, आमच्यात मोठे कलाकार असेच जातात." आयुष्यातलं माझं हे पहिलं निवेदन, ज्यासाठी मला कोणी माइक दिला नव्हता.

त्यानंतर दुपारी आम्ही खाली असायला लागलो. नेर्मिन एकावर एक दोन किटल्या ठेवून चहा करायची, कमरेत बारीक असलेल्या चिमुकल्या पेल्यांत, दुधाशिवाय. आत्या त्यात साखर घालून तो चमच्याने खायची. मसुराचं सूप यायचं, त्यावर शेवटी लोण्यात तळलेली लाल मिरची आणि पुदिना ओतलेला. "वरनच हाय," आत्याचा निर्णय, "फोडनी घालाची विसरली अन् मंग आठोली." मी मध्ये बसून दोघींचं बोलणं इकडून तिकडे न्यायचे आणि नेताना वाटेत थोडी फोडणी घालायचे. आत्या म्हणाली, "हिले कोनी नवरा नाही का?" तर मी म्हणायचे, "त्या विचारतात, तुमचे गुरू कोण?" नेर्मिन गुरूंबद्दल बोलायची, तर मी आत्याला नवऱ्याची एक सुरस कहाणी सांगायचे. दोघींची मैत्री घट्ट व्हायला याची बरीच मदत झाली.

खरं जे होतं, ते मात्र मी जसंच्या तसं पोचवलं. नेर्मिन डोंगरातल्या एका खेड्यातली. वयात येताच तिला राजधानीत रेडिओच्या लोकगीतांच्या वृंदात घेतलं. तिथे गावागावांची गाणी सगळ्यांनी मिळून एका सुरात, एका उच्चारात म्हणायची. समोरचा माणूस हात उचलायचा, सुरू. हात खाली, बंद. तिच्या गावच्या गाण्यातला जो हिसका होता, तो तिला काढून टाकायला लावला. बरीच वर्षं ती तसं गायली, मग एक दिवस बाहेर पडली आणि ज्यांना कुठलंच गाणं नको अशा वादकांच्या संगतीला लागली. जे मनात येईल ते, जसं येईल तसं. आता तिची अडचण एकच होती. "सुरू मला करता येतं," ती म्हणाली. "संपवता येत नाही. गाण्याला शेवट असतो. ह्याला नसतो. मी कुठेतरी दमते आणि बंद पडते. लोकांना कळतं, की हिचं पेट्रोल संपलं."

ही नुसती गायकी अडचण नव्हती. वसंतात तिचं युनिव्हर्सिटीचं वर्ष संपणार होतं. त्याआधी गावातल्या एका जुन्या चर्चच्या सभागृहात तिचा एकटीचा कार्यक्रम होता आणि शिकागोहून एक गृहस्थ ऐकायला येणार होते, जे असे कार्यक्रम गावोगाव नेतात. त्यांना आवडलं तर तिला इथे काम मिळेल, कागदपत्रं होतील. नाही आवडलं तर परत. तिकडे तिच्या भावाने रेडिओत बोलून ठेवलं होतं, वृंदातली जागा अजून होती. "परत त्या हाताखाली," नेर्मिन म्हणाली आणि हवेत हात खाली केला. मी तिला आईच्या अमेरिकन नकला शिकवत होते, ती मला आवाज कसा मोकळा सोडायचा ते. माझ्या घोगऱ्या आवाजाला ती खजिना म्हणायची. ती गेली, तर मला परत निकाल लागलेली मुलगी व्हावं लागणार होतं.

मी आत्याला विचारलं, "तुझा हेल कसा संपतो?"

आत्याला प्रश्नच कळेना. "मी कायले संपवू? रडनारी थांबत नसते, पोट्टे. तिले थांबवा लागते. कोनी तरी पानी आनते, तोंडाले लावते, बस झालं मनते. ते दुसऱ्याचं काम हाय."

हे मी नेर्मिनला सांगितलं. तिने हातातला पेला खाली ठेवला. मग म्हणाली की तिची आईसुद्धा गावात मयताला गायची, तिथेही बायका गातात. पण मुलांना खोलीबाहेर काढायचे, त्यामुळे ते कसं थांबतं हे तिने कधी पाहिलंच नव्हतं. आणि आई गेली तेव्हा ती रेडिओवर होती, एका सुरात. पोचली तोवर सगळं आटोपलं होतं. आत्याने हे ऐकून तिच्या डोक्यावर हात ठेवला. "पाह्य," मला म्हणाली, "मी सांगतलं होतं ना, ते रडून राह्यली."

कार्यक्रमाला आत्याला न्यायचं नाही, असं आईने ठरवलं. "तिथे सगळी युनिव्हर्सिटी असणार. ह्या मध्येच सुरू झाल्या तर?" आत्या जेवली नाही. बाबांनी मध्यस्थी केली. शेवटी तह झाला तो असा: आत्या तोंड उघडणार नाही, तोंडात खडीसाखर ठेवेल आणि मी तिचा हात धरून बसेन. बर्फात गाडी हळूहळू चालवत बाबांनी आम्हाला नेलं. आत्याच्या मांडीवर अर्थातच तांब्या.

सभागृहात लाकडी बाकं, कोट काढून मांडीवर घेतलेली माणसं, पुढून दुसऱ्या रांगेत तो शिकागोचा गृहस्थ, जाड चष्मा, मांडीवर टोपी. नेर्मिन काळ्या झग्यात आली, अनवाणी. तिने आधी आपल्या गावचं गाणं म्हटलं, साधं, पण तो काढून टाकलेला हिसका परत घालून. मग त्या गाण्याचा एकेक शब्द गळायला लागला. नुसता सूर राहिला, मग सूरही फाटला, श्वास, चकचक, पोटातली ती लांब हाक. मी पुष्कळदा जाळीतून ऐकलं होतं, पण डोळ्यांनी पाहिलं तेव्हा माझ्या अंगावर काटा आला. आत्याच्या तोंडात खडीसाखर कडकड वाजत होती.

आणि मग मला दिसलं, की नेर्मिन अडकली. तीच हाक परत आली, परत आली, दर वेळी थोडी फाटकी. तिची बोटं अंगठ्या शोधत होती, त्या तिने काढून ठेवल्या होत्या. मागच्या बाकावर कोणीतरी खोकलं. शिकागोच्या गृहस्थाने टोपी मांडीवरून उचलली. नेर्मिन हसायच्या बेतात होती की रडायच्या, कळेना. पेट्रोल संपत होतं, सगळ्यांसमोर.

माझ्या हातातून हात निसटला. आत्या उठली होती. आईने पदर पकडला, पण आत्याने तो हलकेच सोडवून घेतला. तोंड तिने उघडलं नाही, तह तिने पाळला. लुगडं आणि माझे स्पोर्ट्स शूज, असं ती मधल्या वाटेने सरळ चालत गेली, दोन पायऱ्या चढली आणि नेर्मिनसमोर उभं राहून तांब्याची फिरकी उघडली. कुईऽऽऽ. चर्चच्या उंच छतात तो आवाज घुमला. आई म्हणाली, "सुजाता, मला इथेच गाड." पण नेर्मिनने तो आवाज घेतला. त्याच स्वरावर आपली हाक आणून ठेवली, आणि हाक खाली, खाली, इतकी बारीक होत गेली की कुठे संपली ते मला आजही सांगता येणार नाही. आत्याने तांब्या तिच्या तोंडाला लावला. ती प्यायली, लहान मूल पितं तशी, हनुवटीवरून ओघळ. आत्याने पदराने तिचं तोंड पुसलं.

"बस झालं, बाई," आत्या म्हणाली. तेवढ्यापुरता तह मोडला.

मग ती बाजूच्या दाराने सरळ बाहेर गेली. येते न म्हणता.

टाळ्या पडायला किती वेळ लागला! लोकांना वाटत होतं की अजून काही आहे. मग सगळे उठून उभे राहिले. कोट पडले, टोप्या पडल्या. मी आत्याला शोधायला धावले, तर दारात शिकागोच्या गृहस्थाने मला गाठलं. "त्या बाई कोण? त्यांच्या ग्रुपमधल्या आहेत?"

मी निवेदिका होते. "त्या हिंगणघाट परंपरेच्या आहेत," मी गंभीरपणे सांगितलं. "फार कमी लोक उरलेत."

त्याने मला हिंगणघाटचं स्पेलिंग विचारून लिहून घेतलं. नेर्मिन राहिली. तिला गावोगावचे कार्यक्रम मिळाले, पुढे युरोपातही. आणि आजतागायत तिच्या कार्यक्रमाच्या पत्रकात खाली बारीक अक्षरात हिंगणघाटचं नाव असतं. त्यावर कोणीतरी लिहिलेला एक जाडजूड लेखही मी वाचला आहे, पाण्याच्या प्रतीकावर. वाचताना इतकी हसले, की माझ्या मुलीने दार उघडून विचारलं, "मॉम, आर यू ओके?" त्या दिवशी परतताना गाडीत मात्र कोणी हसत नव्हतं. आई खिडकीबाहेर बघत होती. बाबा बराच वेळ वायपरशी झगडत होते. मग एकदम म्हणाले, "आत्या, त्या फिरकीला तेल घालायला पाहिजे." आत्या म्हणाली, "खबरदार."

नेर्मिनचा प्रत्येक कार्यक्रम तसाच संपतो. ऐकणाऱ्यांपैकी कोणीतरी पाणी घेऊन उठायचं. कोण, कधी, हे ती ठरवत नाही. आत्या हिंगणघाटला वारली तेव्हा मला जाता आलं नाही. तिच्यासाठी कोणी हेल काढला की नाही, हे विचारायची माझी अजून हिंमत नाही. चुलतभावाने तांब्या तेवढा पाठवला.

परवा नेर्मिन डॅलसला आली. मी आता तिथे जवळच फ्रिस्कोत राहते, बाबा गेल्यापासून आई माझ्याकडे असते. नेर्मिनने फोनवर एवढंच विचारलं, "तो आहे ना अजून?" मी तो घासून, भरून घेऊन गेले. तिचे केस पांढरे झालेत, आवाज एक मजला खाली उतरलाय. तिने आपल्या गावचं गाणं म्हटलं, शब्द गळाले, ती लांब हाक आली आणि त्या हाकेत मला स्पष्ट जाळीवरचं फुगलेलं लुगडं दिसलं. गाणं फिरून फिरून तिथेच यायला लागलं. आता उठायला हवं होतं. मला कळत होतं. तांब्या माझ्या मांडीवर होता, आणि मी दोन्ही हातांनी तो घट्ट धरून बसले. मी पाणी नेलं की ते संपणार होतं. बाबांसाठी मी रडले होते, आत्यासाठी राहून गेलं होतं. नेर्मिन रडत होती तोवर आत्यासाठी कोणीतरी रडत होतं.

"ऊठ गं," आई कुजबुजली.

मी नकारार्थी मान हलवली.

"अगं, दमली ती. किती रडवशील?"

मला हलता येईना. तेव्हा आईने माझी बोटं एकेक करून सोडवली आणि तांब्या घेतला. गुडघे दुखतात तिचे, काठी तिने खुर्चीलाच टेकवून ठेवली. खुर्च्यांना धरत धरत ती पुढे गेली, ती, जी एकदा मला म्हणाली होती की इथेच गाड. फिरकी तिला लवकर उघडेना. मग उघडली. कुईऽऽऽ.

नेर्मिन प्यायली. पदर नव्हता म्हणून आईने स्वेटरच्या बाहीने तिचं तोंड पुसलं आणि म्हणाली, "बस झालं, बाई."

टाळ्यांची वाट न बघता ती वळली आणि माझ्या रांगेवरून माझ्याकडे न बघता थेट दाराकडे गेली. मी तिची काठी उचलली, डोळे पुसले आणि कोणालाही येते न म्हणता तिच्या मागे निघाले.